धुळ्याला नुसतं बसायला

जळगावहून धुळ्याला लोक लग्नाला जातात, कोर्टाच्या तारखेला जातात. मी आणि माझी मैत्रीण सुनंदा १९९२ साली नुसतं बसायला गेलो होतो.

कारण रत्ना, माझी इंडोनेशियातली पत्रमैत्रीण. नाव आपलंच, गाव बांडुंग. कॉलेज सुटलं की त्यांची टोळी, मुलं-मुली मिळून, फुटपाथवर चटई टाकून बसायची. गिटार, गोड चहा, फाटक्या जीन्स, आणि काम काहीच नाही. याला तिकडे नोंगक्रोंग म्हणतात. ‘तुम्ही कुठे बसता?’ तिने विचारलं. आमच्याकडे कट्ट्यावर मुलं बसायची आणि मुली समोरून भरभर निघून जायच्या. हे लिहायची लाज वाटली. आम्हीही टपरीवर बसतो, असं मी ठोकून दिलं. तिने फोटो मागितला.

जळगावात बसणं शक्यच नव्हतं. आबांच्या, म्हणजे वडिलांच्या, कानावर गेलं असतं तर माझं कॉलेज बंद. धुळ्यात आपल्याला कोण ओळखतं, असा आमचा हिशोब. घरी सांगितलं, एरंडोलजवळच्या पद्मालयाला जातो, गणपतीच्या दर्शनाला.

रविवारी सकाळची एसटी धरली. एरंडोलला गणपतीवाले उतरले, आम्ही दोघी जागेला चिकटून राहिलो. देवाच्या नावावर खोटं बोललो होतो. पारोळ्याला गरम भजी घेतली, ती पुडीतच राहिली. तुम्ही गेलात तर जरूर खा, तळलेली मिरची मागून घ्या. तेव्हा तीन तास लागायचे, आता रस्ता चौपदरी आहे.

स्टँडवरून रिक्षाने पांझरेचा पूल ओलांडला की देवपूर. कॉलेजजवळच्या टपरीवर दोन चहा सांगितले आणि चक्क बाकावर बसलो. सुनंदाने भावाच्या कॅमेऱ्याने माझा फोटो काढला. दहा मिनिटं गेली. जमलं की, असं वाटलं.

“आबासनी पोर ना तू?”

पारोळ्याचे नाना, आबांचे मावसभाऊ. विहिरीची मोटार दुरुस्तीला टाकून ते वेळ काढत होते. “आठे काय करी राहिनी?”

खरं उत्तर होतं, काही नाही. दवाखाना चालला असता, दाखला चालला असता. ‘काही नाही’ तेवढं मुलीला चालत नव्हतं.

“फॉर्म भरायला आलो, नाना.”

“बरं. तुमनी एसटी येस तवलगून मी बठस आठे.”

आणि एसटी येईपर्यंत बसले की. दोन तास. चहावर चहा, कापसाच्या गोष्टी, सुनंदाच्या आजोळची चौकशी. माझं लक्ष एकाच गोष्टीत होतं: घरी पद्मालय, इथे फॉर्म. नाना आणि आबा भेटले की संपलं.

आठ दिवसांनी नाना आमच्या ओसरीवर. मी चहा घेऊन गेले. आबा म्हणाले, “पोरी मागच्या रविवारी पद्मालयाला जाऊन आल्या.”

नानांनी बशीत चहा ओतला. “हां. रविवारले तठे भलती गर्दी ऱ्हास.”

जाताना दारात हळूच म्हणाले, “रविवारले फॉर्म कोन लेस व, बेटा?”

कॉलेज पूर्ण झालं. रत्नाला फोटो आवडला, पण तिने विचारलं, ‘तू रस्त्याकडे का बघतेस? कोण येणार होतं?’

आता मी हवं तिथे चहाला बसते, एकटीसुद्धा. कोणी काही विचारत नाही. तरी बसण्याआधी मी एक कारण मनात तयार ठेवते.