तेकोआमामाचा चौथा मंगळवार

माझा मामा तेकोआ कुणाला कधी नाही म्हणाल्याचं मला आठवत नाही. कुणाची होडी वर ओढायची असो, कुणाचा बाबाईचा, म्हणजे आमच्याकडच्या मोठ्या अळूच्या कंदांचा, खड्डा उपसायचा असो, हाक आली की हा निघाला. एरवी सकाळ-संध्याकाळ माडावर. फुलोऱ्याची पोय छाटायची, नीरेसाठी खाली करवंटी बांधायची आणि वर बसून गायचं. आवाज फाटका. आई खालून ओरडायची, "तेकोआ, तुझ्या गाण्यानं नीरा आंबते रे!" तो नुसता हसायचा.

फिरत्या दिवसांचा काळ होता तो. वर्षातून दोन-तीनदा एखादा दिवस फिरायचा. रात्री झोपावं आणि उठून बघावं तर पुन्हा तोच दिवस. कालची जखम अंगावर नाही, काल खाल्लेला मासा पुन्हा पाण्यात. लक्षात मात्र सगळ्यांच्या सगळं. असा दिवस कधी तीनदा यायचा, कधी दहादा. मग सुटायचा, आणि शेवटच्या फेरीत जे झालं तेवढंच खरं राहायचं. शेवटची फेरी कोणती, हे आधी कुणालाच कळत नसे.

म्हाताऱ्यांनी सभाघरात नियम घातला होता, की पहिल्या फेरीत जे केलं तेच पुन्हा करायचं. सगळ्यांत वडील बारानिको आजोबा म्हणायचे, "दिवसाला आकार असतो. तो बिघडवलात तर दिवस सुटत नाही." म्हणून आम्ही तेच खायचो, तीच भांडणं भांडायचो. कंटाळा यायचा, पण भीती मोठी होती.

मी एकवीस वर्षांची होते. नऊ महिने भरलेले. एका मंगळवारी दुपारी मला कळा सुरू झाल्या, आणि त्याच संध्याकाळी मामा माडावरून पडला. सकाळच्या सरीनं खोडावरची खाच बुळबुळीत झाली होती. डावा पाय गुडघ्याखाली मोडला. त्याचं ओरडणं मला चटईवर पडल्या पडल्या ऐकू आलं. दुसऱ्या सकाळी माझ्या कळा गायब, पोट शांत, आणि बाहेर तीच सर. मामा दोन्ही पायांवर चालत अंगणात आला. दिवस फिरला होता.

थोड्या वेळानं बारानिको आजोबा स्वतः आले. "तेकोआ, काय करायचंय ते तुला ठाऊक आहे बाबा."

"हो, आजोबा."

संध्याकाळी मामा चढला आणि वरून त्यानं हात सोडले. तिसऱ्या फेरीतही तेच. आणि मी? तिसऱ्या दिवशी मीच म्हटलं, "मामा, चढ ना. एकदाचा जाऊ दे हा दिवस. मला नाही सोसवत." तो माझ्या डोक्यावरून हात फिरवून म्हणाला, "चढतो गं." त्या वेळी तो वर बराच वेळ खोडाला मिठी मारून होता, असं लोक सांगतात.

चौथ्या मंगळवारी सकाळी तो सभाघरात गेला. आमच्या घराण्याच्या जागेवर, मागच्या खांबाशी तो नेहमी गप्प बसायचा. त्या दिवशी उभा राहिला.

"मी आज चढणार, नीरा काढणार आणि पायांनी खाली उतरणार."

"मग दिवस सुटायचा कसा?"

"मला काय ठाऊक? तीनदा पडलो, सुटला का?"

कुणीतरी खेकसलं, "एका पायासाठी सगळं गाव अडकवतोस होय?"

"ज्याला पाय स्वस्त वाटतो त्यानं चढावं. माड तिथंच आहे."

"जा ना, बघू तरी!" आई मागून त्या खेकसणाऱ्याला म्हणाली. दोघी-तिघी हसल्या.

बारानिको आजोबा हसले नाहीत. "पडणं तुझ्या नशिबात होतं, तेकोआ."

"पहिल्यांदा होतं, आजोबा. तेव्हा पाय घसरला. पुढच्या दोन्ही वेळा हात मी सोडले. मी सोडले, तर मला धरूनही ठेवता येतील."

संध्याकाळी अर्धं गाव माडाखाली जमलं. मामा गात चढला आणि गात उतरला. आणि सकाळी पुन्हा मंगळवारच! त्याची नीरा कुणी घेईना. मीही त्याच्याशी बोलले नाही.

पाचव्या फेरीत दुपारी तो माझ्याशेजारी येऊन बसला. "रागावलीस ना, रुतेता? मी पडून तुझं मूल येणार असतं, तर पुन्हा पडलो असतो गं."

"मग मी काय करू?"

"उठून चालून बघ की. रोज अशीच पडून असतेस."

खरं होतं ते. पहिल्या दिवशी मी आडवी होते, म्हणून नियमानं रोज आडवी होत होते. आईचा हात धरून उठले. बेटाच्या बाहेरच्या, मोठ्या समुद्राच्या बाजूनं आम्ही हळूहळू चाललो. कळा तशाच होत्या, पण त्यांच्याबरोबर चालता येत होतं. सहाव्या दिवशी जास्त चालले. आणि सातव्या दिवशी, उजेड असतानाच, माझी मुलगी जन्मली.

त्या रात्री मी तिला छातीशी घट्ट धरून ठेवलं. धरून काही उपयोग नव्हता, हे माहीत होतं. सकाळी ती तिथंच होती. बुधवार होता.

तिच्यामुळे दिवस सुटला असं अजून काही जण सांगतात. मला तसं वाटत नाही. तो सुटायचा तेव्हा सुटला. मामाचा पाय मात्र धड होता.

बारानिको आजोबा आमच्याकडे आले आणि मामाच्या हातून नीरेची वाटी घेतली. मग म्हणाले, "त्या मंगळवारी मी बायकोशी भांडलो होतो. दुसऱ्या दिवसापासून मला भांडायचं नव्हतं रे. नियम म्हणून तिला रडवत राहिलो."

"मग आता जा घरी," मामा म्हणाला.

नियम कुणी रद्द केला नाही. हळूहळू तो कुणी पाळेनासं झालं. आसपासच्या बेटांवरून मामाला बोलावणी येऊ लागली. तिथल्या सभाघरांतही तो, हात मी सोडले तर मला धरूनही ठेवता येतील, तेवढंच सांगायचा आणि खाली बसायचा. दूर दक्षिणेकडच्या एका बेटावर कामवेआ नावाच्या विधवेनं त्याला विचारलं, "एवढंच? यासाठी नऊ दिवस होडीत बसून आलात?" पन्नाशीत त्यानं तिच्याशी लग्न केलं आणि तिकडेच राहिला. पुढे अकरा वर्षांनी दिवस फिरायचे थांबले.

मी त्यांच्याकडे शेवटची गेले तेव्हा दोघं नवी होडी बांधत होते. शिडासाठी पानं विणण्यावरून कामवेआमामी त्याला फैलावर घेत होती. मी चार दिवस राहिले, काथ्याची दोरी वळून दिली, आणि होडी पाण्यात गेलेली बघूनच परतले.