झाडूंशेजारी ठेवलेला वाघोबा

देऊळ समितीने आमच्या पाड्याला फसवलं. आरेच्या जंगलाकडेला आमचा वाघोबा उघड्यावर होता, शेंदूर फासलेल्या लाकडी फळीवर कोरलेला. समोरच्या टॉवरमधल्या समितीने छप्पर बांधून देतो म्हटलं. भाजीच्या धंद्यात भाव करतच मी वर आलोय. मी अट घातली की फळी हलणार नाही आणि वाघबारशीला, म्हणजे वाघोबाच्या सणाला, कोंबडं कापलं जाईल.

अध्यक्ष हसले. "देवाचाही भाव करतोस काय रे? जा, दिला शब्द!"

वाघबारशीला आई कोंबडं घेऊन गेली. नुसत्या छपराऐवजी तिथे देऊळच उभं होतं. आत संगमरवरी देवी होती आणि फळी मागे झाडूंशेजारी टेकवलेली. पुजारी म्हणाला, "मावशी, इथे हे चालत नाही." आई घरी येऊन जेवली नाही.

इतिहास शिकणारी माझी मुलगी म्हणाली, "बाबा, रोमन लोकही सरहद्दीवरच्या शहरांत स्थानिक देवाला आपल्या देवाचं नाव द्यायचे. पण पुष्कळदा त्याचं जुनं नावही दगडावर सोबत कोरलेलं असायचं."

म्हणजे परके राज्यकर्तेसुद्धा एवढी लाज राखायचे. आता अध्यक्षांनी पाड्यात यावं आणि आईच्या तोंडावर सांगावं, आमचा देव कुणाला विचारून हलवला?