चिंचेखालचा फेरठाव

बिदर जिल्ह्यातल्या मुडबी गावाच्या अलीकडं, गाडीवाटेला लागून एक जुनी चिंच होती. तिच्याखाली दर पंधरा दिवसांनी, दुपार कलली की दहा-बारा माणसं गोल करून बसत. त्या बसण्याला आमच्याकडं फेरठाव म्हणत. त्याला देव नव्हता, गुरू नव्हता, पोथी नव्हती. कुणी सुरू केला असं विचारलं तर प्रत्येक जण वेगळंच सांगायचा आणि बाकीचे मान डोलवायचे.

रीत साधी होती. मधोमध एखादी वस्तू ठेवायची. घागर, नांगराचा फाळ, कधी नुसता दगड. आपल्या जागेवरून जेवढं दिसतं तेवढंच ज्यानं त्यानं सांगायचं. 'घागर अशी आहे' म्हणायचं नाही, 'हितून अशी दिसायलीय' म्हणायचं. मग सगळ्यांनी एकेक जागा सरकायचं आणि पुन्हा सांगायचं. कानडी माणसाच्या जागेवर गेलं की कानडीत, शिवणकाम करणाऱ्या खालांच्या जागेवर गेलं की दखनीत. जीभ अडखळली की लोक हसायचे, पण हळूच. लहानपणी अप्पांच्या, म्हणजे माझ्या वडलांच्या मांडीवर ऐकता ऐकता मला झोप लागायची आणि झोपेतही ती घागर सावकाश फिरत राहायची. कधी तिला कान फुटायचे, कधी ती आरपार दिसायची.

अप्पांच्या आधी आमच्या घरातलं कुणी त्या गोलात बसलेलं नव्हतं. आजोबा गाडीवाटेच्या पलीकडं उभे राहून ऐकायचे, त्यांना आत बोलवायची पद्धत नव्हती. आमच्या घरानं धम्म घेतला तेव्हा मी रांगत होते. त्यानंतर एका दुपारी अप्पा सरळ जाऊन गोलात बसले. दोघं जण उठून गेले. तेव्हा एक म्हातारी कुंभारीण, जिला सगळा गाव अक्का म्हणायचा, बाजूला सरकली आणि म्हणाली, "इतकी वर्सं भायेर उभारलेल्या मानसाला काय दिसलं, ते आपून कधी इचारलंच न्हाई." अप्पांनी त्या दिवशी काय सांगितलं, ते त्यांनी मला कधी सांगितलं नाही. उठून गेलेल्यांपैकी एक जण मात्र पुढच्या खेपेला परत आला.

एकोणिसाव्या वर्षी माझं लग्न अफजलपुराकडं झालं. भीमेकाठचा ऊस, पक्कं घर, घरात आम्ही दोघंच. वर्षभरानं श्रावणात मी माहेरी आले आणि परत गेलेच नाही. आईनं विचारलं, "मारायलाय का?" मी म्हटलं, न्हाई. "उपाशी ठिवायलाय का?" न्हाई. "मग कामून?" मी म्हटलं, असंच. दिवाळी झाली, तुरी काढून झाल्या. तिकडून दोनदा निरोप आला. गावातली माणसं म्हणायची, जावई किती गोड बोलतो. ते खरंच होतं.

एक दिवस अक्का घरी आली. "मधी बसतीस का गं?" म्हणाली. फेरठावात माणूस मधे बसवणं क्वचितच होई, तेही त्याची मर्जी असेल तरच. मी हो म्हणाले. का म्हणाले ते आजही नीट सांगता येत नाही. थकवा असेल.

थंडीची दुपार होती. खळ्यावरून उडालेला भुसा उन्हात तरंगत होता आणि सगळं पाण्याखाली असल्यासारखं वाटत होतं. मी खाली बघत बसले. आवाज चारी बाजूंनी येऊ लागले. खाला म्हणाल्या, "हियाँ से खाली पीठ दिखरी बेटी की." म्हणजे इथून नुसती पाठ दिसते. एक शेतकरी कानडीत म्हणाला, हिची बोटं सारखी पदराशी चाळा करतात. कुणी म्हणालं, केसाला तेल न्हाई. कुणी मला बरं-वाईट म्हटलं नाही. माणसं सरकत होती, माझ्या अंगावरच्या सावल्या बदलत होत्या. मला झोप येऊ लागली, लहानपणीसारखी.

शेवटी एकानं मधल्याच्या जागेवर बसून त्याच्या तोंडानं बोलायचं असे. अक्कानं विचारलं, "कोन बसतंय?" अप्पा उठले. मी बाजूला झाले. ते माझ्यासारखीच मांडी घालून बसले, खांद्यावरचं उपरणं पदरासारखं डोक्यावर घेतलं. कुणीही हसलं नाही.

"मी सरावनात आले," अप्पा म्हणाले. "आई इचारली, कामून आलीस. मी म्हनले, असंच. दिवसभर भाकरी करायलेय, पानी आनायलेय. समदं बराबर करायलेय. पन झोपताना दाराला दगुड लावायलेय. दार मिटू नये म्हनून. वाऱ्यानं लागलं तर उठून बसायलेय. अप्पा जागं असतंय, पन बोलत न्हाई."

मग त्यांनी उपरणं खाली घेतलं आणि माझ्याकडं बघितलं. "माय, तिकडं दार कोन लावत होतं?"

मी सांगितलं. नवरा सकाळी शेताकडं जाताना बाहेरून कडी लावायचा, कुलूप घालायचा. रागानं नाही. हसून, 'आलोच' म्हणून. दिवस मावळता जिलेबी घेऊन यायचा. वर्षभर मी खिडकीतून सोलापूरच्या बसचा हॉर्न ऐकला. एवढंच. सांगताना ते फार छोटं वाटलं, पण खाला रडत होत्या.

दुसऱ्या दिवशी पहाटेच्या गाडीनं अप्पा अफजलपूरला गेले आणि तिसऱ्या दिवशी माझी पत्र्याची पेटी खांद्यावर घेऊन आले.

"त्यो चहा करून आनला," ते म्हणाले. "म्हनला, ती जाईल म्हनून मला भ्या वाटायचं."

"मग तुमी काय म्हनलात?"

"काय म्हनू? पेटी उचललो."

पुढच्या खेपेला अक्कानं माझ्या नवऱ्याच्या नावानं एक दगड मधे ठेवूया का, असं विचारलं. मी नको म्हणाले. तिनं तो दगड उचलून चिंचेच्या बुंध्याशी ठेवला आणि आपली घागर मांडली.

मी खालांकडं शिवण शिकले. पुढं बिदरला खोली घेतली, तिथंच कोळारच्या औद्योगिक वसाहतीत एका गोदामात पोती शिवायच्या कामाला लागले. आई थोडे दिवस माझ्याकडं, थोडे दिवस गावात राहायची. अक्का गेल्यावर फेरठावाला चार-पाच जणच उरले, आणि अप्पा अंथरुणाला खिळल्यावर तेही येईनासे झाले.

बऱ्याच वर्षांनी गुलबर्ग्याच्या बसस्टँडवर मला तो अफजलपूरचा नवरा दिसला. केस पिकलेले. शेजारी त्याची दुसरी बायको आणि पाचेक वर्षांची मुलगी. बायको केळी आणायला एकटीच उठून गेली. तो बसून राहिला, मुलीचं मनगट धरून, बायको गेली त्या गर्दीकडं बघत. मी खांबाआडून बघत होते. बायको परत येईपर्यंत त्यानं पापणी लववली नाही. ती आल्यावर मुलीनं मनगट सोडवून घेतलं आणि चोळलं.

माझ्या बसनं हॉर्न दिला. मी चढले, खिडकीशी जागा मिळाली. हुमनाबाद येईपर्यंत मी त्या दोघींचाच विचार करत होते.