जबड्याचा डावा कोन

माझं काम काय आहे हे लोकांना नीट सांगता येत नाही. वागळे इस्टेटमधल्या एका ऑफिसात बसून मी अमेरिकेतल्या पेशंटांचे केसपेपर वाचतो आणि डॉक्टरने लिहिलेल्या दुखण्याला ठरलेला कोड लावतो. तिथल्या विमा कंपन्यांना तो लागतो. जबड्याची फ्रॅक्चर्स हा माझा हातखंडा. नवीन मुलांना ती मीच शिकवतो. नुसता ‘जबडा मोडला’ म्हणून भागत नाही. हनुवटीपाशी मोडला, कानाजवळच्या सांध्यात की मागच्या कोनात, डावा की उजवा, पेशंट पहिल्यांदा आलाय की पुढच्या तपासणीला, हे सगळं बघावं लागतं. आणि शेवटी एक वेगळा कोड लागतो तो कारणाचा. पडला, गाडीने उडवला, की कुणी मारलं.

ते कारण डॉक्टरनेच लिहिलेलं असावं लागतं. आपण अंदाज करायचा नाही. शंका आली तर डॉक्टरला प्रश्न पाठवायचा आणि उत्तर येईपर्यंत थांबायचं. ‘लिहिलं नाही ते झालं नाही,’ हे मी प्रत्येक बॅचला घोकून घेतो. पोरं मागे मला ‘प्रश्नवाले सर’ म्हणतात, कारण माझ्याइतके प्रश्न ऑफिसात कुणी पाठवत नाही.

हे सगळं आधी सांगतोय, म्हणजे पुढे मी जे केलं ते अजाणतेपणी केलं असं कुणाला वाटू नये.

माझी धाकटी बहीण डोंबिवलीला दिलेली. गेल्या वर्षी पावसाळा संपता संपता, एका रविवारी सकाळी तिच्या नवऱ्याचा फोन आला. बाथरूममध्ये पडली, जबड्याला लागलंय, तुम्हाला यातलं कळतं, येता का. मी वर्तकनगरहून बाइक काढली ती थेट कल्याणच्या हॉस्पिटलात. कॅज्युअल्टीच्या बाकावर ती तोंडाला ओढणी लावून बसली होती. डावा गाल कानापर्यंत सुजलेला. तोंड उघडत नव्हतं. लाळ गळत होती आणि सगळ्यांसमोर ती पुसायची तिला लाज वाटत होती.

डॉक्टरीणबाईंनी कॉम्प्युटरवर एक्स-रे उघडला तेव्हा मी त्यांच्या मागेच उभा होतो. डाव्या कोनात, अक्कलदाढेच्या मुळापासून खाली गेलेली तिरकी रेघ. हनुवटी शाबूत, दोन्ही सांधे शाबूत. तोंडावर आपटलेल्या माणसाची बहुतेक वेळा हनुवटी फुटते, नाहीतर सांधे जातात. नुसता डावा कोन जातो तो बऱ्याचदा समोरून आलेल्या उजव्या हाताने. असे किती केसपेपर माझ्या डोळ्यांखालून गेलेत. कोड मनात आपोआप उमटला, कारणाच्या कोडासकट.

बाईंनी तिला विचारलं, कसं झालं हे. तिने माझ्याकडे बघितलं. नवरा गाडी नीट लावायला बाहेर गेला होता.

“कुणी मारलं असेल तर एमएलसी करावी लागेल,” बाई म्हणाल्या. “पोलिसांना कळवावं लागतं. म्हणून विचारतेय.”

त्या वेळी माझ्या डोक्यात काय चाललं होतं ते मी बायकोलाही सांगितलेलं नाही. मी मनात माझा हॉल मोजत होतो. पोलीस आले तर ही त्या घरात परत जाणार नाही. हिला आणि हिच्या मुलीला माझ्याकडेच यावं लागेल. आईची कॉट खिडकीपाशी, मुलाचं अभ्यासाचं टेबल भिंतीला. मग या दोघींच्या गाद्या घालायच्या कुठे?

“बाथरूममध्ये घसरली,” मी म्हणालो.

बाईंनी लिहिलं. बहिणीने माझ्यावरची नजर काढून घेतली. मी कसलाही प्रश्न पाठवला नाही.

ऑपरेशन करून जबडा तारांनी बांधला आणि ती त्याच घरी गेली. पेज आणि डाळीचं पाणी, तेही स्ट्रॉने. नवरात्रात आईने हट्ट धरला म्हणून सगळे टेंभी नाक्याच्या देवीला गेलो. रांगेत ओळखीच्या एक काकू भेटल्या, अगं हे काय करून घेतलंस म्हणाल्या. तिला बोलता येत नव्हतं, तेव्हा उत्तर पुन्हा मीच दिलं. या खेपेला साबणाचं पाणी आणि गुळगुळीत टाइल्सही घातल्या. तिचा नवरा शेजारीच होता. दादांनी फार धावपळ केली हो, असं तो काकूंना म्हणाला.

तारा काढायच्या दिवशी मी रजा टाकून एकटाच तिच्याबरोबर गेलो. ठरवून गेलो होतो. तारा निघाल्यावर सर्जनना म्हणालो की पहिल्या दिवशी कारण चुकीचं सांगितलं गेलं, ही पडली नव्हती. त्यांनी हातातलं काम थांबवून तिला विचारलं. तिचं तोंड जेमतेम बोटभर उघडत होतं.

“पडलेच होते,” ती म्हणाली. “घसरून.”

खाली पार्किंगमध्ये मी चिडलो. चिडायचा मला काय अधिकार होता, पण चिडलो. आता तरी खरं का नाही बोललीस, म्हणालो. ती बाइकला टेकून उभी होती.

“दादा, त्या दिवशी माझं तोंड उघडत नव्हतं. तुझं उघडत होतं.” मग जबडा हाताने धरून, सावकाश, “आता सासूबाईंना तेच सांगितलंय, पोरीलाही तेच. मला त्यांच्यातच राहायचंय ना? मग मला खोटं पाडू नकोस.”

त्याच आठवड्यात मी एक फोल्डिंगची कॉट आणली. मुलाचं टेबल आईच्या कॉटला चिकटवलं. जागा झाली. तेव्हाही झाली असती.

भाऊबीजेला ती मुलीला घेऊन आली. ओवाळलं, करंजीचे बारीक तुकडे करून उजव्या बाजूने चावत बसली. भाची जेवल्यावर नव्या कॉटवर आडवी झाली ती झोपलीच. बहीण कडेला टेकली. कॉटची पट्टी हाताने दाबून बघितली.

“कधी आणलीस?”

“तुमच्या दोघींसाठी आणलीये.”

मुलीच्या अंगावर तिने आपली ओढणी घातली, केस कपाळावरून मागे केले. मला वाटलं, राहतेय. मग तिने भिंतीवरच्या घड्याळाकडे बघितलं. ते घरी यायच्या आत पोचायला हवं म्हणाली. मी म्हणालो, आजची रात्र तरी राहा.

“उठव तिला, दादा.”

पोर गाढ झोपलं होतं. मला तिला दोनदा हलवावं लागलं.

कॉट मी अजून मिटलेली नाही. आई तिच्यावर धुतलेल्या कपड्यांच्या घड्या ठेवते, आणि मी ऑफिसातून आलो की त्या उचलून दुसरीकडे ठेवतो.