सहीच्या वरची कोरी जागा

फोन आला तेव्हा मी नागपुरात धरमपेठेतल्या घराच्या दारात उभी राहून कुरिअरवाल्याच्या मोबाइलवर बोटानं सही गिरवत होते. काहीतरी गिचमिड उमटलं, त्यानं ते पाहिलंही नाही. खोक्यात काय आहे ते सुनेला ठाऊक, मला नाही. पलीकडून माझ्या जुन्या शाळेच्या गावातली कौसाबाई बोलत होती. "बाई, गुरुजी गेले," एवढंच म्हणाली. मला आधी रडू आलं नाही, ओशाळल्यासारखं झालं. देवराव बोरकुटे गुरुजींच्या देखत मी अशी न वाचता सही केली असती, तर त्यांनी मला तिथंच उभं करून सुनावलं असतं. या गोष्टीला आता पाच आठवडे झाले. गेलेल्या माणसाबद्दल गोड लिहावं म्हणतात. गुरुजी गोडच होते, पण त्यांच्या वाट्याला जे आलं ते गोड करून लिहिणं मला जमायचं नाही.

कन्हानच्या पुढे, रामटेकच्या वाटेवर, चिंचडोह नावाचं गाव होतं. होतं म्हणते, कारण आता तिथं पत्र्याच्या अवाढव्य शेड आहेत. गावच्या शाळेत आम्ही दोनच शिक्षक. मी शहरातून एसटीनं यायची, गुरुजी गावातच राहायचे. शाळा सुटली की ते बायांचा वर्ग घेत आणि मी शेवटची एसटी येईपर्यंत त्यांच्या हाताखाली असे. बाया धानाच्या बांधीतून थेट यायच्या, पायांवरचा चिखल तसाच वाळलेला. गावात एकाही कागदावर अंगठा उमटता कामा नये, हा गुरुजींचा हट्ट. पेन्सिल धरताना बायांचे हात थरथरायचे म्हणून त्यांनी परातीत चुलीची राख पसरून त्यात बोटानं नाव गिरवायला लावलं. राखेची त्यांना भीती नव्हती, ती रोजचीच. चुकलं की तळहात फिरवायचा आणि पुन्हा लिहायचं. कौसाबाई सगळ्यांत मागं पडायची, तिचा 'स' कायम डावीकडे कलायचा. "नवऱ्याचं नाव मागून लिव्ह वं, आधी तुह्यं लिव्ह," गुरुजी तिला सांगायचे. रेशनच्या दुकानात तिनं शाईचा पॅड बाजूला सारून पहिली सही केली, त्या दिवशी गुरुजींनी सगळ्या शाळेला चिवडा वाटला.

मग ती सभा झाली. आमच्याच शाळेच्या पटांगणात मांडव पडला आणि साहेब लोक मोठा नकाशा घेऊन आले. इथं मालाची गोदामं होतील, इथला माल साता समुद्रापार जाईल, चिंचडोह जगाशी जोडलं जाईल, पोरांना घरबसल्या नोकऱ्या लागतील... जमीन किती जाणार, असं कुणीतरी विचारलं. ही नुसती माहितीची सभा आहे, बाकीचं नंतर बोलू, असं उत्तर आलं. शेवटी हजेरीची म्हणून एक वही फिरवली गेली आणि तिच्याशेजारी साहेबांच्या माणसानं शाईचा पॅड उघडून ठेवला. तो पॅड गुरुजींच्या डोळ्यांत खुपला. ताडकन उठून ते बायांना म्हणाले, "पॅड कायले पाह्यजे? सह्या करा वं साऱ्या जणी. सायबाले दिसू द्या." बाया रांगेनं आल्या, पदर सावरून, जीभ दातांत धरून एकेक अक्षर काढत राहिल्या. मी त्यांच्या मागं उभी राहून टाळ्या वाजवल्या. पानाचा वरचा भाग कोरा होता. आम्ही दोघांनीही तो पाहिला. हजेरीपट भरण्यात आमचा जन्म गेलेला, हजेरीच्या कागदाचं दुसरं काही होऊ शकतं हे आमच्या डोक्यातही आलं नाही.

काही महिन्यांनी घरोघर नोटिसा आल्या. गावानं एकमतानं जमीन द्यायला संमती दिली आहे, असं त्यात होतं आणि पुरावा म्हणून तीच पानं जोडलेली होती. वरच्या कोऱ्या जागेत आता इंग्रजीत सहा ओळी छापलेल्या होत्या. गुरुजी ती झेरॉक्स घेऊन माझ्या घरी आले. चहा तसाच निवला. एकेका सहीवर बोट ठेवून ते सांगत होते, "हा कौसाचा स पाहा, बाई... ही गिरजाबाई, हिले वेलांटी येत नव्हती, आठ दिवस घेतले हिनं..." मग बोट थांबलं. "साऱ्या सह्या म्याच शिकवल्या," ते म्हणाले. दुसऱ्या दिवशी आम्ही दोघं कचेरीत गेलो. तिथल्या अधिकाऱ्यानं आवाजही चढवला नाही. म्हणाला, "अंगठे असते तर अडाणी होते, फसवलं, असं म्हणता आलं असतं. या तर साक्षर बाया आहेत. तुम्हीच केल्या ना साक्षर?" आणि त्यानं पुढची फाइल ओढली. इतकी वर्षं झाली, पण ते वाक्य आठवलं की माझी कानशिलं अजून तापतात. माणसाला लुटायचं, आणि वर त्याच्याच चांगल्या कामाची पावती त्याच्या तोंडावर मारायची, याला काय म्हणावं?

तेव्हा विरोधात असलेले एक पुढारी गावकऱ्यांबरोबर रस्त्यावर बसले. मांडी घालून भाकर-ठेचा खाल्ला, एक इंच जमीन जाऊ देणार नाही म्हणाले. गावानं त्यांना भरभरून मतं दिली. सरकार बदललं, आणि त्याच पुढाऱ्यांनी मंत्री होऊन पहिल्या गोदामाची फीत कापली. परदेशी कंपनीचे पाहुणे शेजारी उभे होते. मंत्री म्हणाले, या सुशिक्षित गावानं विकासाला आपणहून सही दिली. गुरुजी मागच्या रांगेत होते. भाषण संपायच्या आत ते उठले आणि भर उन्हात पायी घरी गेले. घर म्हणजे तरी काय, गोदामांच्या कुंपणामागची पुनर्वसनाची वसाहत, जिच्या नावात चिंचडोह हा शब्दसुद्धा कुणी ठेवला नाही.

कौसाबाई आणि बाकीच्या बाया त्याच शेडमध्ये, जिथं त्यांची बांधी होती तिथं, ठेकेदाराकडं खोकी भरायला लागल्या. फाटकावर हजेरीचं यंत्र आहे. त्यावर अंगठा ठेवावा लागतो. जन्मभर चिखलात धानाची रोवणी केलेल्या हातांच्या रेषा झिजलेल्या, त्या यंत्राला उमगत नाहीत, आणि मग बाईला परत पाठवतात. कौसाबाईनं एकदा विचारलं, "सई केली तं नाई का चालत?" फाटकावरचा माणूस हसला. तिनं हे गुरुजींना सांगितलं तेव्हा मी तिथं होते. गुरुजींनी तिला अंगठा पुढं करायला सांगितला आणि त्यावरच्या रेषा शोधत राहिले. पुढे कंपनीला दुसऱ्या कुठल्याशा देशात मजूर आणखी स्वस्त मिळाले. तिनं आपला पसारा हलवला, अर्ध्या शेडना कुलपं लागली, आणि ती जमीन कुणाला परत देण्याची गोष्टही निघाली नाही. जगाशी जोडलं जाणं ते हे असं.

"यात तुमचा काय दोष?" मी गुरुजींना किती वेळा म्हटलं असेल. ते वाद घालत नसत. एकदाच म्हणाले, "बाई, म्या त्याईले लिव्हणं शिकवलं, वाचणं शिकवलंच नाई, कोरी जागा पाहून थांबणं बी नाई. काहून नाई शिकवलं? मले घाई झाली होती." त्यानंतर त्यांनी वसाहतीतल्या समाजमंदिरात पुन्हा वर्ग काढला. या खेपेला राखेची परात नव्हती. विजेचं बिल, औषधाची चिठ्ठी, ठेकेदाराचा कागद, जे हाती येईल ते वरून खालपर्यंत मोठ्यानं वाचायचं, आणि वाचून होईपर्यंत पेन हातात मिळायचा नाही. स्वतःलाही त्यांनी हाच नियम लावला होता. शेवटच्या आजारपणात दवाखान्यात ऑपरेशनचा संमतीचा कागद पुढं आला, तोही त्यांनी धाप लागत असताना सगळा वाचला. डॉक्टर घड्याळ बघत उभे राहिले. ज्यांनी त्या कोऱ्या जागेत सहा ओळी घातल्या ते बढत्या घेऊन सुखानं निवृत्त झाले. मनाला लावून घेतलं ते एकट्या गुरुजींनी.

शोकसभा त्याच समाजमंदिरात झाली. ते पुढारी आता तिसऱ्याच पक्षात आहेत. ते स्वतः आले नाहीत, पण त्यांची दोन माणसं हार घेऊन आली, आणि बरोबर एक वही. "साहेबांना दाखवायची आहे, किती लोक आले ते. हजेरी आहे फक्त," त्यांतला एक म्हणाला. वही पहिल्यांदा कौसाबाईकडं गेली. तिनं चष्मा लावला, पान उजेडात धरलं, मागून-पुढून पाहिलं. वरचा भाग कोरा होता. तिनं पेन मागून घेतला आणि त्या कोऱ्या जागेत सावकाश लिहायला लागली. सभा थांबली. माणसं चुळबुळ करू लागली, तिनं मान वर केली नाही. 'देवराव गुरुजींच्या शोकसभेची हजेरी. दुसऱ्या कशालाही आमची संमती नाही.' कोपऱ्यापर्यंत जागा उरू नये म्हणून तिनं शेवटी एक आडवी रेघ ओढली आणि तिच्याखाली सही केली.

"पान इथंच राहीन," ती त्या माणसाला म्हणाली. "पाह्यजे तं फोटो काढून न्या."

मग वही माझ्यापुढं आली. मी सवयीनं पेनाला हात घातला, पण तिनं तो सोडला नाही. "आधी वाचा, बाई," ती म्हणाली. "मोठ्यानं." भरल्या सभेत मी उभी राहिले आणि तिची दोन्ही वाक्यं पहिल्या अक्षरापासून वाचली. तिचा 'स' अजूनही डावीकडेच कलतो. वाचून झालं, तेव्हा तिनं माझ्या हातात पेन दिला.