नवव्या पावलाची टाच

दुपारचे जेवण आटोपून सुदेव भिंतीकडे तोंड करून आडवा होतो. झोपण्याचा त्याचा मुळीच विचार नाही. आज संध्याकाळी परतनाचाचे नायकपण प्रथमच त्याच्याकडे आहे, आणि तो मनातल्या मनात एकेक पाऊल तपासून पाहतो आहे. सातव्यापर्यंत सर्व यथास्थित आहे. आठव्यापाशी भिंत किंचित मऊ होते. नवव्यापाशी भिंत उरतच नाही.

तिथे म्हाळसाआत्या सूप घेऊन धान्य पाखडीत बसली आहे. तिला जाऊन दहा महिने झाले, हे सुदेवला पक्के ठाऊक आहे. तिलाही ठाऊक असावे. पण त्यावाचून दोघांचेही काही अडत नाही.

केरवळच्या खोऱ्यात वर्षातल्या सर्वांत लहान दिवशी सूर्य सुळक्याआड गेला, की बारा जण उलटा फेर धरतात आणि गेलेला दिवस घटकाभर माघारी आणतात. त्या परतलेल्या उजेडात पेरलेले बी तेवढेच उगवते. एरवी पेरलेले कुजते. तीस वर्षे हा नाच आत्याने चालवला. मात्र ती घटका वर्षागणिक आखूड होत गेली, आणि गेली चार वर्षे वरच्या तालींवर, म्हणजे उतारावरच्या बांधाच्या शेतांवर, बी पोचण्याआधीच अंधार पडतो आहे. सुळका वाढतो आहे, असे लोक म्हणतात. नाचणारे सैल पडले आहेत, असे सुदेवचे मत आहे. म्हणून त्याने वर्षभर खपून सोळाही पावलांची पोथी सिद्ध केली आहे, आणि नवव्या पावलाला टाच अर्धे बोट अधांतरी राहावी, हे त्यात सप्रमाण मांडले आहे.

सुपातला कोंडा वर उडतो. तो खाली बसतो तेव्हा दोघे नाचाच्या रिंगणात उभे आहेत.

आत्या पोथी उघडून नेमके तेच पान काढते आणि अक्षर चांगले आहे म्हणते. मग म्हणते, "तो काटा होता रे."

सुदेव तिला समजावू लागतो. टाच उचलल्याने काळाला वाट मिळते. शिवाय बाकीचे अकराही जण तशीच उचलतात, आणि एवढे जण एकाच वेळी चुकणे संभवत नाही. आत्या सगळे शांतपणे ऐकून घेते.

"बाभळीचा होता," ती म्हणते. "माझ्या पहिल्याच वर्षी तालमीत भरला. तीन दिवसांत टाच बरी झाली. तोवर बाकीचे सगळे उचलायला लागले होते, आणि लोक म्हणाले, काय नजाकत आहे म्हाळसाच्या पायात. मग मी काही बोलले नाही."

"तीस वर्षं?"

"तीस वर्षं. टाचेनं दिवस दाबून धरायचा असतो, सुदेवा. अधांतरी टाचेखालून तो दरवर्षी थोडा निसटला."

रिंगणाच्या कडेने वरच्या ताली उगवून येतात, उजाड, मागल्या चार वर्षांच्या धोंड्यांसह. दोघे आता बांधावरून चालत आहेत. सुदेवला राग येतो, आणि त्या रागात तो तिला अहो-जाहो करू लागतो. हे माझ्याच उशाशी येऊन का सांगता, असे तो विचारतो. अकरांपैकी कुणालाही सांगता आले असते.

"ते पाया पडले असते," आत्या म्हणते. "जाब विचारणारा तू एकटाच."

"मग लोकांना काय सांगू? तुमची चूक होती म्हणून?"

"माझी सांग. आणि पोथीचं ते पान तुझं, ते तू फाड. आता पाऊल टाक. मला तर खरं पाऊल आठवतसुद्धा नाही."

सुदेव पाय उचलतो. मग आयुष्यात प्रथमच नववे पाऊल पूर्ण टाचेवर टाकतो. खालची जमीन ते पाऊल घट्ट धरते, आणि वाऱ्यावर निघालेला पाचोळा असेल तिथे थबकतो.

तो जागा होतो. दारात त्याची बायको वेणू शेणकाल्याची पाटी घेऊन उभी आहे, आणि तिचा चेहरा काही बरा दिसत नाही.

"आत्ता सारवून गेले मी. ओल्यात पाय कोणी घातला?"

खोलीच्या मधोमध एकच पाऊल उमटले आहे. त्याच्याकडे येणारे दुसरे पाऊल नाही, त्याच्यापासून जाणारेही नाही. बोटे हलकी, टाच मात्र दोन बोटे खोल. सुदेव उठतो, वीत लावून ठसा मोजतो आणि मग आपला पाय मोजतो. माप तंतोतंत जुळते. त्याच्या टाचेला शेणाचा कणही लागलेला नाही.

वेणू ठसा पुसायला वाकते. तो तिचा हात धरतो.

"राहू दे. अकराही जणांना बोलाव. एकेकानं यात टाच ठेवून पाहायची आहे. आणि वरच्या तालीवाल्यांना निरोप धाड, आज बी घेऊन उभे राहा म्हणावं."