आईच्या नावासकट

आमचे कुलगुरू म्हणजे फौजेतून निवृत्त झालेले जनरल. मी पदवी विभागातला कारकून. रोज सकाळी प्रमाणपत्रांचा गठ्ठा घेऊन त्यांच्या टेबलापाशी उभा राहायचो. पेनाचं टोपण काढून ते प्रत्येक नाव आईच्या नावासकट हळू वाचत, मगच सही करत. खिडकीबाहेर धुकं असायचं. निफाडची, देवळ्याची मुलंमुली त्यातून एकेक चालत आल्यासारखी वाटायची.

"साहेब, सहीचा शिक्का आहे की," मी एकदा वैतागून म्हणालो.

"जवान लढाईत गेला की त्याच्या आईला पत्र मीच लिहायचो," ते म्हणाले. "आता आयांना चांगलं कळवायचं काम मिळालंय. सावकाश करू द्या."

ते गेले. आता सह्या छापूनच येतात. तरी गठ्ठा बांधण्याआधी मी एकेक नाव वाचतो, आईचं आधी.